स्वतःची किंमत स्वतःच भरणारा जॉन्टी

महोदय,

रविवारच्या क्रीडा पुरवणीत खेळाडूंच्या लिलावावरचा लेख वाचला. लेख चांगला आहे, पण 'खेळाडूची किंमत नेहमी दुसराच कुणीतरी मोजतो' या वाक्यातला 'नेहमी' तेवढा खोडावा. इंग्लंडमध्ये 1930 साली एका खेळाडूने स्वतःच्या क्लब-बदलीचे 100 पौंड स्वतःच भरले होते. जोनाथन पार्किन त्याचं नाव. रग्बी लीगवाले (हा रग्बीचा तेरा-तेरा गड्यांचा प्रकार) त्याला जॉन्टी म्हणतात.

मी इंग्लंडमधल्या वेकफिल्डच्या एका रुग्णालयात बरीच वर्षं नर्स होते. तिथे शार्लस्टन या खाणींच्या गावचे एक आजोबा वॉर्डात होते. जॉन्टीही शार्लस्टनचाच. आजोबांनी लहानपणी वडिलांच्या खांद्यावर बसून वेकफिल्डमधल्या बेल व्ह्यूच्या मैदानावर त्याला पाहिलं होतं. मला क्रिकेटपलीकडे काही कळत नाही म्हटल्यावर त्यांनी दोन उशा एकमेकींना भिडवल्या आणि टॉवेलची गुंडाळी केली. टॉवेल म्हणजे चेंडू. उशा म्हणजे स्क्रम, खांद्याला खांदा भिडवून एकमेकांना रेटणारे दोन्हीकडचे सहा-सहा गडी. स्क्रम-हाफने, म्हणजे जॉन्टीने, बाजूने चेंडू आत टाकायचा, वळसा घालून मागे जायचं आणि आपल्या गड्यांनी पायाने मागे सारलेला चेंडू उचलायचा. मग पळायचं, पास द्यायचा की किक मारायची, हे समोरचा अंगावर यायच्या आत ठरवायचं. टॉवेल तीनदा कॉटखाली गेला, तिन्ही वेळा मीच वाकून काढला. टॅकल म्हणजे चेंडूवाल्याला धरून पाडणं. किती टॅकलनंतर चेंडू सोडायचा, याला तेव्हा मर्यादा नव्हती, ती 1966 मध्ये आली. त्यामुळे एकदा चेंडू हाती आला की संघ तो सोडायचाच नाही, आणि डोकं चालवायचं काम या एकाच गड्याचं.

जॉन्टी 1913 मध्ये वेकफिल्ड ट्रिनिटी या क्लबात आला. मध्ये महायुद्ध झालं. पुढे ब्रिटनच्या संघातून 1920, 1924 आणि 1928 अशा तीन ऑस्ट्रेलिया दौऱ्यांवर गेला. तीन दौरे करणारा तो पहिलाच. शेवटच्या दोन दौऱ्यांत कर्णधारही तोच होता आणि दोन्ही वेळा ॲशेस 2-1 अशी जिंकली. (हो, रग्बी लीगमध्येही ॲशेस असते!) 1924 च्या दुसऱ्या कसोटीचा गुणफलक 5-3 होता. म्हणजे एक ट्राय (चेंडू समोरच्यांच्या रेषेपलीकडे टेकवायचा, तेव्हा 3 गुण), एक गोल (किक मारून, 2 गुण), आणि मालिका खिशात.

अशा माणसाला 1930 मध्ये क्लबने बदलीच्या यादीत टाकलं आणि 100 पौंड रक्कम लावली. ही रक्कम किती मामुली, ते पाहा: नऊ वर्षांपूर्वीच हॅरॉल्ड बक या खेळाडूसाठी लीड्स क्लबने हन्सलेट क्लबला 1,000 पौंड मोजले होते. पण मामुली असो की मोठी, रक्कम आल्याशिवाय क्लब खेळाडूला सोडत नसे, आणि क्लबने सोडल्याशिवाय दुसरीकडे खेळता येत नसे. पार्किनने सरळ 100 पौंड भरले, स्वतःला सोडवून घेतलं आणि हल किंग्स्टन रोव्हर्स या क्लबकडे गेला.

लेखकाने याची दखल घ्यायला हवी होती, कारण पुढे जे झालं ते तर त्यांच्याच मुद्द्याचं आहे. खेळाचा कारभार पाहणाऱ्या रग्बी फुटबॉल लीगने नियमच बदलला. यापुढे कुठल्याही खेळाडूने स्वतःची बदली-रक्कम स्वतः भरायची नाही! आजोबा ही गोष्ट सांगताना क्लबच्या कमिटीला जे शब्द वापरायचे, ते आपण छापणार नाही. आणि 'शंभर' म्हणताना प्रत्येक वेळी पायजम्याच्या खिशावर थाप मारायचे.

1988 मध्ये ब्रिटिश रग्बी लीगचं हॉल ऑफ फेम सुरू झालं, तेव्हा पहिल्या नऊ जणांत पार्किन होता.

तेवढा 'नेहमी' काढावा, ही विनंती.

आपली,
एक निवृत्त परिचारिका