दादा, एक टाकी वेगळी ठेव

साउथॅम्प्टन, मेअखेर

प्रिय दादा,
सप्रेम नमस्कार.

परवा फोनवर शेजारच्या डाईंगमधली, म्हणजे त्या कापड रंगवायच्या कारखान्यातली गोष्ट सांगितलीस आणि लगेच आंब्याच्या भावावर गेलास. माझ्या डोक्यातून मात्र ती जाईना. कॉस्टिक सोडा काढताना पोराच्या मांडीवर सांडला, चौघांनी त्याला उचलून तसंच रिक्षात घातलं आणि दवाखाना गाठला. सगळ्यांनी चांगल्या मनानंच केलं. पण अक्कलकोट रोडवरून शहरात पोचेपर्यंत ती भिजलेली पँट त्याच्या अंगालाच चिकटून होती की रे! ॲसिडनं भाजलं तर वर कडक खपली धरते, ती पुढच्या ॲसिडला थोडंफार अडवते. कॉस्टिकचं तसं नाही. ते अंगातल्या चरबीचा साबण करत आत आत शिरतं, म्हणून तर हाताला बुळबुळीत लागतं. कधीकधी सुरुवातीला फारसं दुखतही नाही, आणि तिथंच माणूस फसतो.

इथं आमच्या इमर्जन्सी विभागात याची रंगीत तालीम होते. तंबू दाराच्या बाहेर उभारतात. केमिकल अंगावर घेऊन आलेल्या माणसाला धुतल्याशिवाय आत घेत नाहीत, मग तो कितीही ओरडो. आम्ही डोक्यापासून पायापर्यंत बंद सूट घालतो. आत हवेचा पंखा घुंघुं करत असतो, समोरचा काय बोलतोय ते ऐकू येत नाही, सगळा कारभार हातवाऱ्यांवर. गेल्या तालमीला पेशंट झालेल्या एका पोराच्या अंगाला आधी एक मलम चोळलं होतं. साध्या उजेडात ते दिसत नाही, जांभळ्या दिव्याखाली हिरवं चमकतं. त्याला साबण लावून, पुसून, पुन्हा पाणी घालून आम्ही अगदी लखलखीत केलं आणि दिवा लावला. कानामागं हिरवं. नखांत हिरवं, बेंबीत हिरवं, आणि मनगटावर घड्याळाच्या पट्ट्याएवढी आख्खी बांगडी हिरवी.

ती बांगडी बघून मला आपल्या कारखान्यातली माणसं आठवली. प्रत्येकाच्या कमरेला कडदोरा, मनगटावर गंडा, दंडाला ताईत, बायकांच्या गळ्यात काळी पोत आणि पायात जोडवी. दोरा कॉस्टिक पिऊन बसतो आणि वरून कितीही पाणी ओता, खालची कातडी जळतच राहते. कात्रीनं कापायचाच तो. देव रागावत नाही, नवा बांधता येतो. चामड्याचा पट्टा आणि चपलाही तशाच, त्यांच्यात मुरलेलं निघत नाही, फेकून द्यायच्या. स्टील, काच, फरशी धुता येते. लाकूड, गादी, दोर यांचा मोह सोडायचा.

आणि कपडे! इथं पहिलं शिकवतात ते हेच. वरचे कपडे उतरवले की बहुतेक घाण त्यांच्याबरोबरच जाते, पाणी त्यानंतर. शर्ट, बनियन डोक्यावरून ओढायचा नाही, नाहीतर सगळं तोंडावर, डोळ्यांत येतं. सरळ कापायचा. मग अंग भाजत, चुरचुरत असेल तर लगेच भरपूर पाणी. तसं नसेल, नुसतं काहीतरी तेलकट सांडलं असेल, तर आधी कोरड्या कापडानं टिपायचं, कारण ओल्या अंगावर काही केमिकलं उलट पसरून आत शिरतात. सोलापुरात टॉवेलला काय तोटा? सेकंडच्या, म्हणजे डागी मालाचे दोन गठ्ठे त्यासाठीच बाजूला ठेव.

तू म्हणशील, दवाखान्यात धुतील की. टोकियोत १९९५ च्या मार्चमध्ये भुयारी रेल्वेत सरीन वायू सोडला, तेव्हा सेंट ल्यूक्स नावाच्या इस्पितळात सहाशेवर लोक एकदम येऊन धडकले. त्यांना अंगावरच्या कपड्यांसकट आत घेतलं, काहींना तर आवारातल्या चर्चमध्ये झोपवलं, तिथं हवा खेळती नव्हती. कपड्यांतला वायू हळूहळू सुटत राहिला आणि इस्पितळातल्या शंभराहून जास्त कर्मचाऱ्यांना त्रास झाला. डोळे दुखले, अंधारी आली. म्हणजे त्या पोराच्या रिक्षावाल्यालाही पुढच्या दोन सवाऱ्यांनंतर मांडी चुरचुरली असेल तर मला नवल वाटणार नाही.

आमच्यापासून जवळच सॉल्झबरी म्हणून गाव आहे. २०१८ मध्ये तिथं एका रशियन माणसाच्या घराच्या दाराच्या मुठीला नोव्हिचोक नावाचं विष लावलं होतं. एवढीशी मूठ, पण तो आणि त्याची मुलगी जिथं जिथं गेले, तिथं ते गेलं: हॉटेल, पब, बाकडं. तपासाला गेलेला पोलीसही आजारी पडला. गाव साफ करायला सैन्य आलं, वर्षभर काम चाललं, त्या घराचं छप्परसुद्धा काढून टाकावं लागलं. आणि तरीही तेच विष भरून फेकून दिलेली अत्तराची एक बाटली राहिलीच. ती हाती आलेली बाई जुलैत गेली.

हे विष आणि सांगोल्यात मामा डाळिंबावर मारतात त्यातली काही औषधं एकाच कुळातली आहेत, हे त्यांना नक्की सांग. दोन्ही नसांवर त्याच जागी घाव घालतात, उताराही तोच, ॲट्रोपिन. २०१७ मध्ये यवतमाळकडं फवारणी करणारी माणसं गेली, ती बातमी त्यांनी वाचलीच असेल. मामा फवारून आले की तोच सदरा घालून जेवायला बसतात आणि मामी तो नातवाच्या कपड्यांतच भिजवतात. वेगळी बादली, वेगळा साबण, आणि आंघोळीआधी पोराला मांडीवर घ्यायचं नाही. मामा माझं ऐकणार नाहीत, तुझं ऐकतील.

आता आपल्या कारखान्याचं. अंगावर केमिकल सांडलं की ज्याखाली धावत जाऊन उभं राहायचं, त्या इमर्जन्सी शॉवरचं अमेरिकी माप मिनिटाला साधारण ७५ लिटर, तेही सलग १५ मिनिटं. हिशोब कर, अकराशे लिटर झाले. म्हणजे आपली हजाराची टाकी एका माणसालाही पुरत नाही. नळाला रोज पाणी येत नाही, टँकरचा भाव तुला माहीत आहे, त्यामुळं वेगळी टाकी ठेव म्हटलं की तू कपाळाला हात लावणार. लाव, पण ठेव. तिला दुसरी तोटी नको, नाहीतर कोणीतरी तिच्यातनं गाड्या धुणार. पाणी ३८ डिग्रीच्या वर जाऊ नये असंही मापात आहे. सोलापूरच्या मेमध्ये काळ्या टाकीतल्या पाण्यात हात घालवत नाही, मग भाजलेल्या अंगावर ते कसं ओतायचं? सावलीत ठेव, वर पत्र्याचा आडोसा कर. दांडी ओढली की पाणी सुटून चालूच राहिलं पाहिजे, कारण त्या वेळी माणसाचे दोन्ही हात कपड्यांत अडकलेले असतात. आणि जागा कॉस्टिकच्या ड्रमपासून दहा सेकंदांत पोचता येईल अशी हवी, वाटेत पायरी नको, गाठोडी नकोत. डोळ्यात उडालं तर पापण्या बोटांनी उघड्या धरून तेवढीच १५ मिनिटं पाणी. लिंबू, व्हिनेगर, हळद, टूथपेस्ट काही नाही. ॲसिडनं कॉस्टिक मारायला गेलास तर वर उष्णता निघते.

कोरडी कॉस्टिकची पापडी असेल तर आधी झटकायची, मग पाणी. हायड्रोचं, म्हणजे डाईंगमधल्या त्या सोडियम हायड्रोसल्फाइटच्या भुकटीचं पिंप मात्र पाण्यापासून लांब ठेव. ओल लागली की ते तापतं, पेटतं, आणि नाक जाळणारा धूर सोडतं. नळीची शिंतोडी तिकडं जाता कामा नये.

बायकांसाठी पडदा कर. हे मी मुद्दाम सांगते. घडी घालणाऱ्या आपल्या मावश्या दहा पुरुषांसमोर लुगडं सोडणार नाहीत, जळत राहतील पण सोडणार नाहीत. आडोसा आणि खुंटीला दोन गाऊन असले की त्या आत जातील. इथंही बायकांची रांग वेगळी असते, त्यात लाजण्यासारखं काही नाही.

गवंडी पुढच्या आठवड्यात बाथरूमला येणारच आहे ना? त्यालाच सांग, दीड इंची पाईप टाक म्हणावं. अर्ध्या इंचीतनं एवढं पाणी पडत नाही. बिल मला पाठव. वहिनीला सांग, शेंगाचटणीचं पार्सल आलं, पण या खेपेला लसूण कमी पडलाय.

तुझी,
सुमी