त्या टॅक्सीवाल्याला नाव आहे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीतला ग्रीक दिग्दर्शक थिओ अँजेलोपोलसच्या 'युलिसिस गेझ' या चित्रपटावरचा लेख आवडला. लांबच लांब शॉट, धुकं, नदीतून वाहून नेला जाणारा लेनिनचा थोरला पुतळा, सगळं लेखकाने नेमकं टिपलं आहे. मात्र बर्फात थांबलेल्या टॅक्सीच्या प्रसंगात 'एक म्हातारा टॅक्सीवाला' एवढ्यावर त्यांनी भागवलं, ते खटकलं. एखाद्या परदेशी माणसाने मराठी सिनेमावर लिहावं आणि दादा कोंडक्यांना 'हाफ पँटीतला एक इसम' म्हणून सोडून द्यावं, तसलाच हा प्रकार.

तो टॅक्सीवाला म्हणजे ग्रीसचा लाडका विनोदी अभिनेता थानासिस वेंगोस. अथेन्सलगतच्या पिरेअस बंदराच्या भागात १९२७ साली जन्मलेला. घरचे डाव्या विचारांचे, त्यामुळे ग्रीसमधल्या यादवी युद्धाच्या काळात, १९४८ ते ५०, सक्तीची सैन्यसेवा त्याला माक्रोनिसोस बेटावरच्या छळछावणीत काढावी लागली. तिथेच निकोस कुंदुरोस भेटला. पुढे दिग्दर्शक झालेल्या या सोबत्याने १९५४ साली आपल्या पहिल्या चित्रपटात त्याला उभं केलं. अभिनयाचं शिक्षण म्हणाल तर शून्य. सेटवर सामानसुमान सांभाळायचं आणि मिळेल ती चिमूटभर भूमिका करायची, असं बरीच वर्षं चाललं.

पडद्यावरचा वेंगोस सतत धावत असतो. टक्कल, घामेजलेला चेहरा, हातात दहा कामं आणि एकही धड होत नाही. पडणं, आपटणं सगळं स्वतःच करायचा. समोरच्याला 'अहो भल्या माणसा' म्हणायची त्याची लकब ग्रीसमध्ये घरोघरी पोहोचली. कामांमागे धापा टाकत फिरणाऱ्याबद्दल तिथे आजही 'वेंगोससारखा धावतोय' असंच म्हणतात.

दिग्दर्शक वेंगोसबद्दल तर आपल्याकडे कुणी अवाक्षरही काढत नाही. साठच्या दशकात त्याने स्वतःची चित्रसंस्था काढली. जेम्स बाँडचं वेड ऐन भरात असताना, १९६७ साली, त्याने 'एजंट ०००' दिग्दर्शित केला. मूळ ग्रीक नावातली गंमत अशी, की हा गुप्तहेर नव्हे, 'उघडहेर' आहे! दोन वर्षांनी त्याच हेराचा पुढचा भाग आला. नायकाचं नाव 'थू-वू', म्हणजे वेंगोसचीच आद्याक्षरं. या चित्रपटांना कथा जेमतेम असते हे कबूल. पण गोंधळ एकावर एक रचत नेण्याची त्याची हातोटी मूकपटांच्या जमान्यातल्या उस्तादांची आठवण करून देते. व्यवहार मात्र कच्चा. प्रेक्षक हसत राहिले आणि संस्था कर्जात बुडाली.

मग तो दिनोस कात्सुरिदिस या दिग्दर्शकाकडे गेला आणि १९७१ साली 'थानासी, युद्धात तू काय केलंस?' आला. जर्मन ताब्यातलं भुकेलं अथेन्स आणि त्यात अडकलेला एक भाबडा कामगार. आठवण करून देतो, तेव्हा ग्रीसवर लष्करशहांची सत्ता होती. पडद्यावरच्या गणवेशांकडे पाहताना प्रेक्षकांना घरचे गणवेश आठवले नसतील, असं मला वाटत नाही. थेस्सालोनिकीच्या चित्रपट महोत्सवात वेंगोसला उत्कृष्ट अभिनेत्याचं पारितोषिक मिळालं.

सव्वाशेच्या आसपास चित्रपट केलेला हा माणूस २०११ च्या मे महिन्यात गेला. त्याआधी २००९ साली पान्तेलिस वुल्गारिसच्या ज्या चित्रपटात तो अखेरचा दिसला, त्याचा विषय होता यादवी युद्ध. ज्या युद्धाने त्याला बेटावर धाडलं होतं, तेच.

आता पुन्हा त्या टॅक्सीकडे. १९९५ साली ग्रीक प्रेक्षक हा प्रसंग पाहत होते, तेव्हा त्यांच्यासमोर चाळीस वर्षं धावत आलेला वेंगोस होता, आणि अँजेलोपोलसने त्याला बर्फात थांबवलं होतं. गाडी पुढे जाईना. चित्रपटाचा नायक असलेल्या अमेरिकन अभिनेता हार्वी कायटेलला तो सांगतो की आपला देश मरत चाललाय. मग खाली उतरतो, समोरच्या पांढऱ्या माळाला हाक मारतो, तूही एकटा आणि मीही एकटा म्हणतो, आणि खिशातलं बिस्किट त्याच्याकडे भिरकावतो. कायटेल हे पाहत राहतो. तो परका आहे, त्याला हा माणूस कोण ते ठाऊक नाही. आपल्या लेखकालाही नव्हतं, म्हणून हा पत्रप्रपंच.

आपला,
एक वाचक, सातारा