सिंहगडावरचे २१ नॅनोसेकंद

पुणे

चि. मनूस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझ्या कथेचा खर्डा दोनदा वाचला. काळाला हात घालणारी पहिली बाई, आणि तीही नारायण पेठेतली, हे मनापासून आवडलं. पण तिच्या त्या यंत्रावर विश्वास बसेना. खटका ओढला की काळ थांबतो, यात तिने आयुष्यभर केलं काय? तिला तू सिंहगडावर पाठव.

सुरुवात घटिकापात्रापासून कर. तांब्याची वाटी, बुडाला बारीक भोक. घंगाळातल्या पाण्यावर सोडली की २४ मिनिटांनी बुडते. विहिरीचं जड पाणी वापरत राहिलं की भोकाला क्षार धरतो, वाटी उशिरा बुडते आणि मुहूर्त कुणाच्या नकळत पुढे सरकतो. ते भोक चिंचेने घासताना तिच्या मनात पहिली शंका येऊ दे, की घड्याळावर भरवसा ठेवायचा तरी किती.

मोठेपणी तिला सिझियमची घड्याळं दे. १९६७ पासून सेकंद म्हणजे सिझियमच्या अणूची ९,१९,२६,३१,७७० स्पंदनं. उंचावर काळ अंमळ वेगाने सरतो. पुणं ५६० मीटरवर, गड १३०० च्या आसपास. या साडेसातशे मीटरना दिवसाला ७ नॅनोसेकंद मिळतात (नॅनोसेकंद म्हणजे सेकंदाचा अब्जावा भाग, असे हजार म्हणजे एक मायक्रोसेकंद). म्हणजे पन्नास वर्षं गडावर राहिली तरी ती खालच्यांपेक्षा १३० मायक्रोसेकंदांनीच थोरली होईल. हे आकडे कथेत जसेच्या तसे येऊ देत. १९७१ मध्ये हाफेली आणि कीटिंग या शास्त्रज्ञांनी अशीच घड्याळं प्रवासी विमानांतून जगाभोवती फिरवली होती: पश्चिमेकडे गेलेली २७३ नॅनोसेकंद पुढे गेली, पूर्वेकडे गेलेली ५९ मागे पडली, कारण वेगाने काळ मंदावतो आणि पूर्वेकडे जाताना पृथ्वीच्या फिरण्याचा वेगही त्यात मिळतो.

घड्याळं चार हवीत. आधी आठवडाभर चारही घरी शेजारी ठेवून रोज ताडून पाहायची, कारण कोणतीही दोन तंतोतंत सारखी चालत नाहीत. त्यांच्यातला फरकच दिवसाला कित्येक नॅनोसेकंद भरतो. तो वहीत नसेल तर गडाने काय दिलं हे सांगताच येणार नाही. मग दोन घरी राहतील, दोन तीन दिवसांसाठी वर जातील. महिना जानेवारीचा धर, पावसाळ्यात गडावरचं धुकं आणि ओल सोसवणार नाही.

खरी अडचण विजेची. एक घड्याळ साधारण ५० वॅट खातं, दोघांना तीन दिवसांत ७.२ युनिट लागतील. १२ व्होल्ट, १०० अँपिअर-तासांची बॅटरी १.२ युनिट धरते, पण शिशाची बॅटरी निम्म्याखाली उतरवू नये. म्हणून बॅटऱ्या १२, एकेक ३० किलोच्या आसपास. टेम्पोच करावा लागेल, तिला आतकरवाडीच्या पायवाटेने चढवू नकोस. बॅटरी बदलताना आधी नवी जोडायची, मगच जुनी काढायची. मधे वीज एकाच दिशेने जाऊ देणारा डायोड नसेल तर भरलेली बॅटरी आपली वीज उतरलेलीत ओतते. आणि क्षणभर जरी पुरवठा तुटला तरी घड्याळाची मोजणी मोडते, सगळी फेरी फुकट. तिचे दोन प्रयत्न असेच जाऊ देत. (टेम्पोच्या वेगाचा परिणाम नॅनोसेकंदाच्या काही सहस्रांशांइतका, तो सोडून दे.)

खाली आल्यावर पुन्हा आठवडाभर ताडणी. तू लिहिलेला टाळ्यांचा प्रसंग काढ आणि त्या जागी हे घाल: तीन दिवसांचे २१ नॅनोसेकंद अपेक्षित असताना घड्याळांतला फरक मोजणाऱ्या काउंटरवर ३६ दिसतात. घरात पेढे वाटले जातात. तिला मात्र झोप लागत नाही. दोन-चार नॅनोसेकंदांची चळ ती समजू शकते, पण १५ ची नाही. पहाटे उठून ती घड्याळापासून काउंटरपर्यंतची केबल टेपने मोजते. गडावर जाण्यापूर्वी वापरलेली केबल दोन मीटरची होती, आता जोडलेली पाच मीटरची आहे. केबलमधून सिग्नलला एक मीटर जायला ५ नॅनोसेकंद लागतात. ती जुनी केबल शोधून काढते, जोडते, पुन्हा मोजते आणि वहीतल्या ३६ वर रेघ मारून शेजारी २१ लिहिते.

पुढचा खर्डा झाला की पाठव. जेवणाची आबाळ करू नकोस.

तुझी,
आई