लंडन-पॅरिस : तिकिटाआधी व्हिसा

संपादक महोदय,
स.न.वि.वि.

रविवारच्या पुरवणीत लंडन ते पॅरिस रेल्वेप्रवासावर लेख होता. वर्णन छान होते. पण ‘लंडनला पोहोचलात की पॅरिस सव्वादोन तासांवर, सकाळी गाडीत बसायचे आणि दुपारी आयफेल टॉवर बघायचा’ एवढे सांगून लेख संपला. तो वाचून आमच्या इमारतीतल्या एका जोडप्याने तिकडे मुलाला फोन लावला आणि तिकिटे काढायला सांगितली. दोघांच्या पासपोर्टवर फक्त ब्रिटनचा व्हिसा आहे. ते कळल्यावर मला राहवेना, म्हणून हे पत्र.

मी मध्य रेल्वेत ओव्हरहेड वायरच्या विभागात 34 वर्षे नोकरी केली. आयुष्य गाड्यांमध्ये गेले, तरी 2018 साली हीच चूक माझ्या हातून झाली. मुलगी लंडनच्या हॅरो भागात राहते. तिने स्वतःचा शेंगेन व्हिसा, म्हणजे फ्रान्ससह युरोपातल्या बऱ्याच देशांना मिळून चालणारा एकच व्हिसा, लंडनमध्येच काढला होता. आम्हालाही तो तिथे गेल्यावर मिळेल, असे आम्ही धरून चाललो. इथल्या एजंटाला विचारले तर तोही म्हणाला, ‘तिथून होऊन जाईल काका.’ झाले नाही. मुलगी नोकरीनिमित्त तिथली रहिवासी, आम्ही दोघे व्हिजिटर व्हिसावरचे पाहुणे. शेंगेनचा अर्ज साधारणपणे आपण जिथले रहिवासी असतो तिथूनच करावा लागतो. तीन तिकिटांचे पैसे गेले.

ज्या दिवशी निघायचे होते, त्या दिवशी मी हट्टाने सेंट पँक्रास स्टेशनवर गेलो; पॅरिसची गाडी तिथूनच सुटते. पत्नीही आली. बाहेरून इमारत बघताच ती म्हणाली, ‘अहो, हे तर आपल्या व्हीटीसारखंच आहे!’ तिचे काही चुकले नव्हते. या स्टेशनचे दर्शनी हॉटेल ज्या जॉर्ज गिल्बर्ट स्कॉट यांनी उभारले, त्यांनीच मुंबई विद्यापीठाच्या राजाबाई टॉवरचा आराखडा काढला होता. आत गेलो तर डोक्यावर 1868 सालचे लोखंडी कमानींचे छप्पर, एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत 70 मीटरहून जास्त, मध्ये एकही खांब नाही. पॅरिसची गाडी काचेच्या भिंतीपलीकडे उभी होती. सवयीने माझी नजर आधी वर, तारेकडे गेली. 25 हजार व्होल्ट, आपल्यासारखेच. गाडी हलली तेव्हा पत्नी काहीच बोलली नाही. या प्रवासासाठी दादरहून घेतलेले नवे बूट तिच्या पायात होते.

सप्टेंबर 2024 मध्ये आम्ही पुन्हा गेलो आणि या वेळी उलट्या टोकाने सुरुवात केली. आधी व्हिसा, तिकीट शेवटी. ब्रिटन शेंगेनमध्ये नाही, त्यामुळे दोन अर्ज, दोन फिया आणि दोनदा बोटांचे ठसे. शेंगेनची फी जून 2024 पासून 90 युरो झाली आहे. किमान 30 हजार युरोंचा वैद्यकीय विमा लागतो. अर्ज प्रवासाच्या सहा महिने आधीपासून करता येतो, निदान 15 दिवस आधी तरी करावाच लागतो. पण या 15 दिवसांवर कोणी विसंबू नये. अर्जासोबत पासपोर्ट जमा होतो, म्हणजे एक व्हिसा होऊन पासपोर्ट हातात आल्याशिवाय दुसऱ्याचे काम पुढे सरकत नाही. आम्ही एप्रिलमध्ये कामाला लागलो होतो.

आणखी एक खाचखळगा आहे, त्यात ओळखीचे एक गृहस्थ अडकता अडकता वाचले. स्वस्त मिळाले म्हणून त्यांनी मुंबई-पॅरिस असे जाण्यायेण्याचे विमान घेतले होते. मध्ये चार दिवस रेल्वेने लंडन करून पुन्हा पॅरिसला यायचे आणि घरी परतायचे, असा बेत. शेंगेन व्हिसा मात्र एकाच प्रवेशाचा. पॅरिसहून लंडनच्या गाडीत बसले की तो प्रवेश संपला, परत फ्रान्समध्ये पाऊल ठेवता येणार नाही. अशा बेताला किमान दोन प्रवेशांचा व्हिसा हवा. आम्ही विमानाने लंडनला उतरलो आणि पॅरिसहून मुंबईला परतलो, त्यामुळे एका प्रवेशात भागले.

आपल्याकडे गाडी हलताना डब्याची दांडी पकडणारेही पोहोचतात. इथे गाडी सुटायच्या अर्धा तास आधी गेट बंद होते. तासभर, शक्य तर दीड तास आधी पोहोचावे, कारण विमानतळासारखी सामानाची तपासणी असते आणि फ्रान्सचे सीमा पोलीस लंडनच्या स्टेशनातच बसलेले असतात. फ्रान्सचा शिक्का आमच्या पासपोर्टवर लंडनमध्येच बसला; पॅरिसला गार द्यू नोर स्टेशनवर उतरून आम्ही थेट रस्त्यावर आलो. 12 ऑक्टोबर 2025 पासून शिक्क्याऐवजी संगणकावर नोंदणी सुरू झाली आहे, तेव्हा हाताशी जास्तच वेळ ठेवावा. गाडीची वाट पाहत बसायची जागा सेंट पँक्रासच्या तळघरात आहे. पूर्वी तिथे बिअरची पिंपे साठवत, आणि त्या पिंपांच्या मापानेच तिथल्या खांबांमधले अंतर ठरवले होते, असे मुलीने सांगितले.

सामान स्वतः चढवावे लागते, हमाल नसतात. गुडघे दुखणाऱ्यांनी बॅगा बेतानेच भराव्यात. आणि ब्रिटनमधून फ्रान्समध्ये दुधाचे पदार्थ नेता येत नाहीत. पत्नीने साताऱ्याचे कंदी पेढे जपून ठेवले होते. आदल्या रात्री मुलीने ते काढून घेतले. कडक भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी मात्र आमच्याबरोबर पॅरिसपर्यंत आली.

प्रवास 492 किलोमीटरचा, मुंबई-सोलापूरहून थोडा जास्त. गाडी ताशी 300 किलोमीटरने पळते. समुद्राखालचा बोगदा 50 किलोमीटरचा, 1994 साली सुरू झालेला; त्यात वेग 160 वर येतो. पत्नी समुद्र दिसेल म्हणून खिडकीशी बसली होती. वीसेक मिनिटे नुसता काळोख होता, मग एकदम ऊन आणि कापणी झालेली शेते. तिने माझा हात धरला आणि म्हणाली, ‘आलो आपण.’ पॅरिसचे घड्याळ लंडनच्या एक तास पुढे असते, हे तिकिटावरची वेळ वाचताना लक्षात ठेवावे.

माझी विनंती एवढीच की येत्या रविवारी पुरवणीत त्या लेखाला जोडून एक चौकट छापावी: दोन व्हिसे, दोन्ही भारतातून, शेंगेन व्हिसावर किती प्रवेश आहेत ते तपासावे, अर्धा तास आधी गेट बंद. हा प्रवास बहुतेक आमच्यासारखे लोक निवृत्तीच्या पैशातून, मुलांकडे गेल्यावर, एकदाच करतात. आमच्या इमारतीतल्या जोडप्याची तिकिटे अजून बदलून घेता येतील. तुमचे इतर वाचक मला ओळखत नाहीत.

आपला,
एक निवृत्त रेल्वे कर्मचारी, डोंबिवली (पूर्व)