कोर्स बदलण्याआधी

चि. ऋचास,
अनेक आशीर्वाद.

आर्किटेक्चर सोडून साउंडकडे वळायचं म्हणतेस. आई याला धरसोड म्हणते. फोनवर मला पटकन सुचत नाही, म्हणून लिहितोय.

चांगला चाललेला जेनेसिस बँड सोडणाऱ्या इंग्लिश गायक पीटर गॅब्रिएलचं उदाहरण तू दिलंस. त्याचा रिअल वर्ल्ड स्टुडिओ तुमच्या बाथ शहरापासून जवळच, बॉक्स गावात. तेव्हा ते येणारच होतं. पण देतेस तर पुरतं दे.

१९७५ मध्ये त्याने जेनेसिस सोडलं तेव्हा तो २५ वर्षांचा होता आणि बँड चढतीवर होता. एकदा डब्लिनमध्ये साथीदारांना पत्ता न लागू देता बायकोचा लाल झगा आणि कोल्ह्याचं मुंडकं चढवून हा स्टेजवर आला होता! पण नंतर पहिली मुलगी जन्मली ती आजारी, आणि बँडचं वेळापत्रक कुणासाठी थांबेना. बाहेर पडल्यावर स्वतःचा पहिला अल्बम यायला १९७७ उजाडलं. त्यातलं 'सॉल्सबरी हिल' तू ऐकलंच असशील, ती टेकडी तर तुमच्याच अंगणात. हाताने ताल धरून बघ, बरंचसं गाणं सात मात्रांत आहे. रूपकाची सवय असलेल्या तुला सोपं जाईल.

जुन्या मित्रांशी त्याने बिघडवलं नाही, हे मला महत्त्वाचं वाटतं. त्याच्या जागी गायला लागलेला फिल कॉलिन्सच गॅब्रिएलच्या १९८० च्या अल्बमवर ड्रम वाजवायला आला. अट एकच, झांजा वाजवायच्या नाहीत. त्यातून ड्रमचा तो अचानक तुटणारा दणका सापडला आणि पुढे सगळ्यांनी उचलला.

बँकेत जन्म गेला म्हणून असेल, मला मात्र १९८२ ची गोष्ट जास्त भावते. देशोदेशीचे कलाकार आणून त्याने शेप्टन मॅलेटला वोमॅड महोत्सव भरवला आणि तो पुरता बुडाला. देणेकरी दारात, धमक्यासुद्धा आल्या. तेव्हा सोडलेला तो बँडच मदतीला धावला. ऑक्टोबरमध्ये मिल्टन कीन्सला भर पावसात सगळे पुन्हा एकत्र वाजले आणि त्या पैशातून देणी भागली. तिथेही हा पठ्ठ्या स्टेजवर आला तो शवपेटीतून! महोत्सव मात्र बंद पडला नाही. १९८५ मध्ये त्याच वोमॅडला नुसरत फतेह अली खान गायले, पुढे रिअल वर्ल्डने त्यांचा 'मस्त मस्त' अल्बम काढला, आणि आपल्या सिनेमावाल्यांनी त्यावर कसा हात मारला ते तू जाणतेसच.

'स्लेजहॅमर' या गाण्याच्या व्हिडिओसाठी गॅब्रिएल १६ तास काचेखाली पडून होता म्हणतात. तुला एका जागी तासभर बसवत नाही, हे आपलं सहज आठवलं.

माझी हरकत नाही. पण कर्जाचे हप्ते अजून सुरू व्हायचेत. नव्या कोर्सची फी किती, झालेलं वर्ष धरतात का, हे युनिव्हर्सिटीत विचार आणि मला आकड्यांत कळव. आताच्या प्राध्यापकांना मेलवर नाही, समोर जाऊन सांग. आईशीही तूच बोल. रविवारी दुपारी फोन कर, मी तेव्हा मुद्दाम बाहेर जाईन.

तुझा,
बाबा