स्वदेशीत कापूस धरत नाहीत का?

कापसावरील 11 टक्के आयात शुल्काची माफी 31 डिसेंबर 2025 पर्यंत वाढवल्याची बातमी वाचली होती. वस्त्रोद्योग संघटनांनी ही मागणी लावून धरली होती. अमेरिकेच्या 50 टक्के शुल्काने तेव्हा निर्यातदार हैराण होते, हे मान्य. पण परदेशी कापडापासून संरक्षण मागणाऱ्या उद्योगाला कापूस मात्र बाहेरचा चालतो! 2025-26 च्या हंगामात लांब धाग्याच्या कापसाचा हमीभाव क्विंटलला 8110 रुपये होता खरा. मात्र दिवाळीच्या सुमाराच्या पहिल्या वेच्यात ओलावा 12 टक्क्यांहून जास्त निघाला, की सरकारी खरेदी केंद्र गाडी परत पाठवते आणि तो कापूस व्यापारी म्हणेल त्या भावाने जातो. शुल्कमाफीने बाजारभाव पडला, की फटका नेमका या कापसालाच. ऑक्टोबर ते डिसेंबर तरी शुल्क कायम ठेवायला हवे होते.

– एक कापूस उत्पादक, हिंगणघाट