व्हिएन्नाहून परतल्यावर लेकीस

डोंबिवली (पूर्व),
रविवार

चि. मुक्तास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

मी सुखरूप पोहोचलो हे तुला कळलेच आहे आणि गुडघा ठीक आहे हेही दोनदा सांगून झाले आहे. तरी पत्र लिहितो आहे, कारण फोनवर तू नुसते "हो बाबा" म्हणतेस आणि तुझ्या "हो बाबा"तून मला काहीच उमगत नाही. विमानतळाच्या बसथांब्यावर मी जे बोललो आणि तू जे मुकाट्याने ऐकून घेतलेस, त्याविषयी या पत्रात एक अक्षर लिहायचे नाही असे ठरवून बसलो आहे. तू तिकीट काढून मला ज्या वॉकिंग टूरला धाडलेस तिच्याविषयी लिहायचे आहे. त्या संध्याकाळी "कशी झाली?" असे तू विचारलेस आणि मी "छान" एवढेच म्हणालो. मुलीने एवढा खर्च करून एखादे शहर दाखवावे आणि बापाने दीड अक्षरात ते उरकावे, हे बरे दिसत नाही.

गाइडबाई साठीच्या आसपासच्या होत्या. आम्हा बारा जणांच्या कानांत एकेक यंत्र अडकवून त्या अशा झपाझप चालत की त्यांचा आवाज माझ्या कानाशी असे आणि त्या स्वतः पुढच्या चौकात. सुरुवात कार्ल्सप्लात्झला झाली. वास्तुकार ओटो वाग्नर यांची १८९९ मधली शहर-रेल्वेची दोन छोटी स्थानके तिथे समोरासमोर उभी आहेत. लोखंडी सांगाडा हिरवा रंगवलेला, त्यात पांढऱ्या संगमरवराच्या पातळ लाद्या बसवलेल्या आणि वर सोनेरी नक्षी. बाकीचे सोन्याचे फोटो काढत होते आणि मी सांधे पाहत होतो, कारण ज्याने चौतीस वर्षे दुसऱ्यांच्या रेघा ट्रेस केल्या त्याची नजर आधी सांध्यावरच जाते. तिथून जवळच सेसेशनचे, म्हणजे जुन्या कलासंस्थेशी फारकत घेतलेल्या कलावंतांच्या गटाचे, प्रदर्शनगृह आहे. योझेफ ओल्ब्रिख यांनी ते १८९८ मध्ये पुरे केले तेव्हा ते तीस वर्षांचे होते, म्हणजे तुझ्याहून एका वर्षाने मोठे. घुमटावरच्या सोनेरी पानांच्या गुंत्याला गावाने कोबीचा गड्डा म्हणून हिणवले आणि आज तेच गाव तो गड्डा कौतुकाने पाहुण्यांना दाखवते. तुझी आई असती तर तिने तो गड्डा घट्ट आहे की पोकळ, हे खालूनच सांगितले असते.

ऑपेराशी मात्र मी अडकलो, आणि खरे सांगायचे तर अजून तिथेच उभा आहे. १८५७ च्या डिसेंबरमध्ये सम्राट फ्रान्झ योझेफ यांनी जुन्या शहराभोवतीचा तट पाडण्याचा हुकूम काढला आणि त्या मोकळ्या झालेल्या पट्ट्यावर रिंगश्ट्रासे हा रुंद रस्ता आखला गेला. (आपल्या मुंबईच्या कोटाचा तटही त्यानंतर पाच-सहा वर्षांतच पडला, तेव्हा जगभर तट पाडायचीच साथ आली असावी.) त्या रस्त्यावर एडुआर्ड फान डेर न्युल आणि आउगुस्ट सिकार्ड फॉन सिकार्ड्सबुर्ग या दोन मित्रांनी मिळून ऑपेरा बांधायला घेतला. काम सुरू झाल्यानंतर समोरच्या रस्त्याची पातळी सुमारे एक मीटरने वर गेली, इमारत खाली बसल्यासारखी दिसू लागली आणि लोकांनी तिला बुडालेली पेटी म्हणायला सुरुवात केली. हे ऐकताक्षणी मला आपल्या सोसायटीचे जोते आठवले. दरवर्षी रस्त्यावर डांबराचा नवा थर चढतो, जोते बुडते, पहिल्या पावसात पाणी जिन्यात शिरते, आणि सर्वसाधारण सभेत शिव्या कुणाला बसतात, तर ज्याने इमारत काढली त्याला. पातळी ठरवणारा एक आणि बोलणी खाणारा दुसरा, हे मी नोकरीभर पाहिले आहे. पण तिथे नुसत्या बोलण्यांवर भागले नाही. १८६८ च्या एप्रिलमध्ये फान डेर न्युल यांनी स्वतःचे आयुष्य संपवले आणि जेमतेम दहा आठवड्यांनी सिकार्ड्सबुर्गही आजारपणात गेले. पुढच्या वर्षी मे महिन्यात मोझार्टच्या 'डॉन जोव्हानी'ने ऑपेराचे दार उघडले, तेव्हा ते पाहायला दोघांपैकी कुणीच नव्हते. या प्रकाराचा सम्राटांनी एवढा धसका घेतला की त्यापुढे काहीही दाखवले तरी ते "फार सुंदर, मला फार आनंद झाला" एवढेच म्हणत, असे बाईंनी सांगितले आणि आमचा घोळका हसला. मला हसता आले नाही. पुढच्या दोन चौकांत त्या काय बोलल्या ते माझ्या कानांत शिरले, पण आत पोहोचले नाही.

मुक्ता, हे मी लिहिणार नव्हतो. टूरच्या दोन दिवस आधी, गुरुवारी, मी रद्दी टाकायला खाली चौकात गेलो होतो. लाल झाकणाच्या त्या कागदाच्या पेटीत शाळेच्या इमारतीच्या स्पर्धेसाठी तू केलेले मॉडेल पडले होते. फेकलेले नव्हते, नीट सुटे करून, घडी घालून ठेवलेले होते, आणि नेमके तेच मला सहन झाले नाही. तू मला फक्त "आमचे झाले नाही" एवढेच सांगितले होतेस. परीक्षकांनी काय म्हटले ते तू सांगितले नाहीस आणि मी विचारले नाही. पण पहाटे तीनला पाणी प्यायला उठलो की तुझ्या दाराखाली उजेड असे, एक दिवस नव्हे, चार दिवस. झोपतेस ना तू आता?

कॉलेजच्या तिसऱ्या वर्षाला एका परीक्षकाने तुझे मॉडेल पेन्सिलीच्या टोकाने उचलून सगळ्या वर्गाला दाखवले होते, तेव्हा तू तीन दिवस बोलली नव्हतीस. रात्री गच्चीवर टाकीजवळ जाऊन बसत होतीस. आई म्हणाली, "वर जा, बोला तिच्याशी." मी शेवटच्या वळणापर्यंत चढलो आणि तिथेच पायरीवर बसून राहिलो, कारण काय बोलावे ते मला सुचत नव्हते. तू खाली उतरलीस आणि मला ओलांडून गेलीस. तेव्हा तुला वाटले असेल की बाबा फिरकलेही नाहीत. मी होतो, एवढे आज लिहून ठेवतो.

टूरकडे वळतो. मिखाएलरप्लात्झवर, राजवाड्याच्या दारासमोर, आडोल्फ लोस यांची इमारत आहे. खाली हिरव्या शिरांचा संगमरवर आणि वर पांढरी सपाट भिंत, जिच्या खिडक्यांवर कसलीही महिरप नाही. गावाने तिला भुवया नसलेले घर म्हटले, १९१० मध्ये पालिकेने काम थांबवले आणि शेवटी खिडक्यांखाली फुलांच्या पेट्या लावण्यावर तडजोड झाली. लोस मात्र ठणठणीत उभे राहिले, भर सभेत व्याख्यान देऊन त्यांनी त्या घराची बाजू मांडली. मी तिथेच ठरवले की तुला सांगायचे, बाई गं, माणसाने लोससारखे असावे, लोक बोलतात ते बोलून विसरून जातात, आपण आपल्या खिडक्या सोडू नयेत, वेळ पडली तर चार कुंड्या लावून द्याव्यात. आता लिहिलेले वाचून पाहतो तर हे अगदी बाळूकाकांसारखे झाले आहे. माफ कर. माझी रेघ कधी कुणी भर सभेत खोडली नाही, कारण ती माझी नव्हतीच. सही साहेबांची असे. ज्याची रेघ खोडली जाते त्याला कसे वाटते हे मला ठाऊक नाही, आणि तरीही मी उपदेश करतो.

टूर स्टेफान्सडोम या कॅथेड्रलपाशी संपली. दक्षिणेचा मनोरा १३६ मीटरचा, १४३३ मध्ये पुरा झालेला, आणि उत्तरेचा अर्धवट थांबला तो थांबलाच. एप्रिल १९४५ च्या आगीत लाकडी छत जळाले, म्हणून आता त्या रंगीत कौलांखाली पोलादी सांगाडा आहे. कौले दोन लाखांवर आहेत. आणखी एक कबुली देतो. तू नको म्हणाली होतीस, तरी मी मनोरा चढलो. ३४३ पायऱ्या आहेत, जिना गोल आणि अरुंद, वर येणारा आणि खाली जाणारा यांपैकी एकाला भिंतीला पाठ लावावी लागते. गुडघा दोन दिवस सुजला होता आणि तुला "चालून चालून" असे सांगितले होते. तेव्हा खोटे बोलण्यात तुझी बरोबरी झाली.

मला सर्वांत आवडलेली इमारत मात्र टूरमध्ये नव्हती. सोमवारी तू कामावर गेल्यावर मी एकटाच यू-४ मेट्रोने शेवटच्या थांब्यापर्यंत, हायलिगेनश्टाटला गेलो. स्टेशनाबाहेर पडले की समोर कार्ल-मार्क्स-होफ. एक किलोमीटरहून लांब, १९३० मध्ये खुली झालेली, १,३८२ घरांची पालिकेची वसाहत. माझा जन्म नायगावच्या बीडीडी चाळीतला, हे तुला नव्याने सांगायला नको. ती चाळ आणि ही वसाहत एकाच दशकातल्या, दोन्ही सरकारी पैशाच्या आणि दोन्ही कामगारांसाठी उभ्या केलेल्या. आमची १६० चौरस फुटांची खोली होती, माणसे नऊ आणि संडास मजल्याच्या टोकाला. इथे प्रत्येक घराला स्वतःचे पाणी, स्वतःचा संडास, शिवाय वसाहतीत धुलाईघरे, स्नानगृहे, बालवाड्या, दंतवैद्य, वाचनालय. जमिनीच्या जेमतेम पाचव्या हिश्शावर बांधकाम आणि उरलेली बाग. लाल कमानींखाली उभा राहून मी आमच्या आजीचा विचार करत होतो, पहाटे चारला बादली घेऊन रांगेत उभी राहणारी. मला राग आला, पण कुणावर ते नीट ठरेना. १९३४ च्या फेब्रुवारीत याच इमारतीवर लष्कराने तोफा डागल्या होत्या. आज तिथे एक म्हातारी गॅलरीतल्या कुंड्यांना पाणी घालत होती.

ज्याने ही वसाहत काढली त्याचे नाव कार्ल एन, ओटो वाग्नर यांचा विद्यार्थी, आणि पालिकेच्या बांधकाम खात्यातला नोकरदार! ऑपेरासमोर थांबतात तसे त्याच्या नावापाशी पर्यटक थांबत नाहीत. पण पाच हजार माणसांच्या डोक्यावर त्याने छप्पर दिले. माझ्या खात्यातही असा एखादा निघाला असता तर, असे वाटून गेले. मग वाटले, माझ्या घरात निघाली आहे. हे तुझ्या तोंडावर मला कधीच म्हणता येणार नाही.

बसथांब्याविषयी लिहायचे नाही असे ठरवले होते, पण आता टाळणे खोटे होईल. "परत ये, इथे काय कामे नाहीत काय" असे मी म्हणालो, त्याचा अर्थ तुझे तिथे जमत नाही असा तू घेतलास. तसा तो नव्हता. मला फक्त त्या दाराखालच्या उजेडाविषयी बोलायचे होते, आणि तोंडातून भलतेच निघाले. तू कुठेही राहा. रात्री झोप. आणि पुन्हा कुणी काही बोलले, तर "काही नाही" असे मला सांगू नकोस. काय बोलले ते शब्दाला शब्द सांग. मी उत्तर देणार नाही, पायरीवर बसेन.

एक वस्तू मी तुला न विचारता आणली आहे. त्या लाल झाकणाच्या पेटीतून तुझ्या मॉडेलमधला जिना तेवढा उचलला आणि तुझ्या आईच्या शालीत गुंडाळून हातातल्या बॅगेतून आणला. तो शोकेसमध्ये घड्याळाशेजारी ठेवला आहे. काल पट्टी लावून पाहिली. स्केल एकास पन्नास धरली तर रायझर (पायरीची उंची) १७ सेंटीमीटर येतो आणि ट्रेड (पाय ठेवायची रुंदी) २८, म्हणजे दोन रायझर आणि एक ट्रेड मिळून ६२. यात चूक काढायला मला तरी जागा सापडली नाही, आणि जिन्यातल्या चुका शोधण्यातच माझी नोकरी गेली. मधल्या लँडिंगला तू दिलेली रुंदी पाहून तर मी थोडा वेळ तिथेच उभा राहिलो. तिथे मुले बसतील, असे तुझ्या मनात होते ना? प्रवासात कठड्याचा एक तुकडा निघाला आहे. फेविकॉलने चिकटवू की नको, ते कळव. तुझ्या कामाला न विचारता हात लावलेला तुला चालत नाही.

फोन कितीही उशिरा केलास तरी चालेल, मी जागाच असतो.

तुझा,
बाबा